बसल्या जागी घड्याळ 23 मीटर चढलं. मग विमानाचं कसं चालतं?

गडकरी रविवारचा:
दर रविवारी आतकरवाडीतून सिंहगड. बायकोने वाढदिवसाला उंची दाखवणारं घड्याळ दिलंय, आत बॅरोमीटर असलेलं. गेल्या रविवारी दहाच्या सुमारास वर पोचलो, पिठलं-भाकरी झाली, पत्त्यांचा डाव पडला. दोन वाजून गेल्यावर सहज पाहिलं तर घड्याळाने उंची 23 मीटर वाढवलेली. मी चटईवरून हललोही नव्हतो!
डायरी चाळली तर त्याहून भारी गंमत. त्याच टपरीपाशी जानेवारीत 1296 मीटरची नोंद आहे आणि जुलैत 1381. गड वाढतो का पावसाळ्यात? विमानातही हेच तंत्र असतं म्हणे. मग लोहगावला उतरणारी विमानं कशाच्या भरवशावर उतरतात?

चहाबाज:
पावती असेल तर घड्याळ परत करा. आणि जीपीएसच्या जमान्यात बॅरोमीटर कशाला हवाय?

जुना फिटर:
परतबिरत काही करू नका, घड्याळ खरं बोलतंय. तुम्ही त्याला उंची विचारता आणि ते बिचारं हवेचा दाब सांगतं.
मी हवाई दलात इन्स्ट्रुमेंट फिटर होतो. अल्टिमीटर, म्हणजे विमानातलं उंची दाखवणारं यंत्र, उघडला की आत पातळ पत्र्याच्या चपट्या डब्या दिसतात, वर एकात एक गोल वळ्या. डबीतली हवा काढून तिला कायमचं सील केलेलं असतं. बाहेरचा दाब उतरला की डबी फुगते. ते फुगणं नुसत्या डोळ्याला कळत नाही, पण तरफा आणि दातेरी चाकं ते काट्यापर्यंत मोठं करून नेतात. 1000 फुटांत मोठा काटा पूर्ण फेरा मारतो. तपासताना यंत्र काचेच्या हंडीत ठेवून हवा ओढायची, काटा वर न्यायचा, मग हळूहळू हवा सोडायची. उतरताना काटा चढतानाच्या आकड्यांवर तंतोतंत येत नाही, जरा मागे रेंगाळतो. पत्र्यालाही आळस असतो. किती आळस चालेल याचा तक्ता असायचा. त्यात बसला नाही की यंत्र पुन्हा बाकावर.

आता तुमचे 23 मीटर. आपल्याकडे हवेच्या दाबाला समुद्रासारखी भरती-ओहोटी असते, दिवसातून दोनदा. सकाळी दहाच्या आसपास दाब चढलेला असतो, दुपारी चारच्या सुमारास उतरलेला. रात्री पुन्हा तेच. कोरड्या दिवसांत हा फरक 3-4 हेक्टोपास्कल (हवेचा दाब मोजायचं एकक) सहज होतो. गडाच्या उंचीवर एक हेक्टोपास्कल म्हणजे साडेनऊ मीटर. करा हिशेब. हवामान खातं 1928 मध्ये शिमल्याहून पुण्यात आलं (सिमला ऑफिस चौक हे नाव त्यावरूनच), त्यांच्या दाबाच्या आलेखावर ही लाट रोज दिसते. जानेवारी-जुलैचंही तसंच: पावसाळ्यात दाब दहाएक हेक्टोपास्कलने खाली, म्हणून घड्याळाला वाटतं आपण वर आलो.

विमानात हाच घोळ एका नॉबने सोडवतात. तबकडीत छोटी खिडकी असते, तिच्यात दाबाचा आकडा. ही पॉल कोल्समनची 1928 ची करामत. पुढच्याच वर्षी जिमी डूलिटल या अमेरिकन वैमानिकाने बाहेरचं काहीही न बघता, नुसत्या यंत्रांवर विमान उडवून उतरवलं, त्यात हा अल्टिमीटर होता. टॉवर सांगतो, 'क्यूएनएच 1009'. म्हणजे इथला दाब समुद्रसपाटीला आणला तर इतका भरेल. वैमानिक नॉब फिरवून तो आकडा लावतो. लोहगावची उंची 1942 फूट. उभ्या विमानात काटा त्याच्या आसपास आला तर ठीक. बराच लांब राहिला तर एकतर आकडा चुकीचा ऐकलाय नाहीतर यंत्राला आमच्याकडे पाठवा. ठरावीक उंचीच्या वर मात्र सगळे जण 1013 हा एकच ठरलेला आकडा लावतात. तिथे जमिनीपेक्षा शेजारचं विमान महत्त्वाचं. सगळ्यांची चूक सारखीच असली की आपसातलं अंतर बरोबर राहतं.

एक आकडा चुकला तर? मे 2022 मध्ये पॅरिसच्या चार्ल्स द गॉल विमानतळावर पावसात उतरणाऱ्या विमानाला 1001 ऐवजी 1011 सांगितलं गेलं. दहाचा फरक म्हणजे 280 फूट. काटा सगळं आलबेल दाखवत होता आणि विमान धावपट्टीच्या दीडेक किलोमीटर अलीकडे जमिनीपासून 6 फुटांवर आलं होतं! तिथून वर उचललं म्हणून वाचले.

चहाबाज:
म्हणजे मी म्हणतोय तेच. जीपीएस लावा, नॉबच नको.

जुना फिटर:
जीपीएसची कच्ची उंची समुद्रसपाटीपासूनची नसते, पृथ्वीच्या एका गणिती अंडाकृतीपासूनची असते. पुण्यात या दोहोंत साठ-सत्तर मीटरचा फरक पडतो. तो दुरुस्त करता येतो, फोन करतातही. पण आकाशातली सगळी विमानं दाबाच्या थरांवर एकमेकांपासून लांब ठेवलेली आहेत. त्यात एकाने वेगळी पट्टी काढली तर पंचाईत त्याची नाही, सगळ्यांची.
आणि हो, विमानाच्या कुशीवर बाहेरचा दाब घेणारी बारीक छिद्रं असतात. 1996 मध्ये पेरूतलं एक बोइंग 757 धुतल्यावर त्यांच्यावरची चिकटपट्टी काढायची राहिली. रात्री समुद्रावर वैमानिकांना खरी उंची कळेना. 70 माणसं गेली. त्यामुळे 'एवढंसं तर भोक' असं कोणी म्हणालं की माझं डोकं फिरतं.

गडकरी रविवारचा:
काका, आधी घरीच प्रयोग केला. आमची बिल्डिंग अकरा मजली. तळमजल्यावर दाब 947.2 हेक्टोपास्कल, लिफ्टने गच्चीवर 943.5. 3.7 चा फरक, म्हणजे 33 मीटर. मजल्याला तीन मीटर, चोख! आता घड्याळात खरी उंची भरायला ठिकाण कुठलं?

जुना फिटर:
पुणे स्टेशनला जा. फलाटाच्या टोकाला पिवळ्या पाटीवर समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. घड्याळाला तीच सांगा.

गडकरी रविवारचा:
गेलो होतो. पाटीसमोर उभा राहून बटणं दाबत होतो तर एका हमालाने विचारलं, गाडी चुकली का? आकडा भरलाय. रविवारी गडावर बघतो.

जुना फिटर:
रविवारी? मग स्टेशनची फेरी फुकट गेली. तोवर दाब कुठल्या कुठे जाईल. त्याच सकाळी, निघताना भरायचा.