सिन्नरच्या माळावर कोणती देशी झाडं लावू?

प्रश्न: सिन्नरजवळ मुरमाड जमीन आहे, पाणी कमी. नर्सरीवाला गुलमोहर नि सुबाभूळ घ्या म्हणतो पण मला आपल्याकडचीच झाडं हवीत, काय लावू?

उत्तर: गुलमोहर मादागास्करचा, सुबाभूळ मेक्सिकोची, दोन्ही नकोच. अंजन, हिवर, खैर, पळस लावा. आणि राजस्थानच्या वाळवंटात जी खेजडी टिकते तीच आपली शमी, मुळं खूप खोल जातात म्हणून पाणी कमी असलं तरी जगते, ती तर लावाच.

उत्तर: इगतपुरी-त्र्यंबककडची झाडं बघून भुलू नका हं! जिल्हा एकच पण तिकडे धो धो पाऊस, हिरडा, कारवी तिथलीच. सिन्नर पर्जन्यछायेत येतं.

उत्तर: जूनमध्ये चांगला पाऊस झाला की लावा, पहिले दोन उन्हाळे पाणी घाला आणि शेळ्यांपासून जपा, काटेरी कुंपण कराच.