मदत हवी आहे: गोदाकाठच्या भिंती रंगवायच्यात, पुराच्या खुणांसकट

नमस्कार मंडळी, मी नाशिकच्या पंचवटीतली. भांडी बाजार, सराफ बाजाराकडच्या गल्ल्यांमध्ये पुराचं पाणी शिरून गेलं की गाळ काढला जातो, दुकानं परत सुरू होतात, पण भिंती तशाच कळकट राहतात आणि ते बघून फार वाईट वाटतं. न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्चमध्ये २२ फेब्रुवारी २०११ च्या भूकंपात १८५ माणसं गेली, शहराचा मधला भाग दोन वर्षांहून जास्त बंद होता, इमारती पाडल्यावर शेजारच्या ज्या उघड्या भिंती उरल्या त्यांच्यावर कलाकारांनी मोठमोठी चित्रं काढली आणि लोक परत तिकडे फिरायला लागले. आपल्याकडे असं का नको?

आपण तर पूर गोदावरीतल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर मोजणारी माणसं, गुडघ्यापर्यंत आला, कमरेपर्यंत आला, छातीला लागला. म्हणून मला वाटतं चित्रातच २००८, २०१६, २०१९ ची पाण्याची रेघ खरी जिथे होती तिथेच दाखवावी, जुन्या दुकानदारांना विचारून. नुसती फुलं-पक्षी नकोत.

आता अडचण अशी की भिंती जुन्या, दगड-चुन्याच्या, ओल धरतात, खार फुटतो, वरून ऑइलपेंट मारला तर पोपडेच निघणार. चुन्याच्या रंगात काम केलेलं कुणी आहे का? आधी भिंत किती महिने सुकू द्यावी? आणि घरमालकाची लेखी परवानगी पुरते की महापालिकेत पण अर्ज करावा लागतो? कुणी केलं असेल तर प्लीज सविस्तर सांगा, दिवाळीनंतर सुरू करायचंय.