'ऑब्झर्व्हेशनल डॉक्युमेंटरी'ला मराठीत काय म्हणाल?

धुळेकर: भाच्याने धुळ्याच्या पाचकंदील भागात सात महिने फिरून ५२ मिनिटांची डॉक्युमेंटरी केलीय. निवेदन नाही, मुलाखत नाही, संगीत नाही. भाजीवाली शटरच्या पायरीवर बसून दिवसाचा गल्ला मोजते. तिचं मोजून होईपर्यंत कॅमेरा हलत नाही. ती पुन्हा पहिल्यापासून मोजते, तरी नाही. पत्रकात मी 'निरीक्षणात्मक माहितीपट' लिहिलं, तर म्हणतो, "मामा, यात माहिती कुठंय?"

बोरीकाठ: बरोबर बोलला. निरीक्षण म्हटलं की मला शाळा तपासायला आलेले साहेबच दिसतात. सरळ 'अनुबोधपट' लिहा.

शेवभाजी: म्हणजे पुन्हा बोध! तो सरकारी फिल्म्स डिव्हिजनच्या, निवेदनातून बोध पाजणाऱ्या रिळांच्या काळातला शब्द. सिनेमाआधी ती रिळं लागली की निम्मं थेटर शेंगदाणे घ्यायला बाहेर. १९६०च्या सुमारास अमेरिकेत डॉक्युमेंटरी करणाऱ्या रॉबर्ट ड्र्यू मंडळींनी खांद्यावरचा कॅमेरा आणि बरोबर फिरवता येणारा ध्वनिमुद्रक घेतला, तेव्हा कुठे निवेदकाला सुट्टी मिळाली. या दोन्हींना एक नाव कसं देणार?

अनुस्वार: अनुबोध म्हणजे उपदेश नव्हे. मागाहून येणारी जाणीव. शब्दाला उगाच बदनाम करू नका.

शेवभाजी: थेटरात मागाहून यायचं ते इंटरव्हल.

भुसावळची सून: 'न्याहाळपट' कसं वाटतं? न्याहाळणे आणि न्याहारी एकाच मुळातले. सकाळी आधी बघायचं, मग खायचं.

अनुस्वार: नाही हो ताई. न्याहाळणे 'निभालन'वरून, न्याहारी फारसी 'नहार'वरून. दोघांची गाठ फक्त शब्दकोशाच्या पानावर.

भुसावळची सून: राहू द्या, सासूबाईंना माझीच व्युत्पत्ती आवडली.

शेवभाजी: अहिराणीत केव्हाचं आहे की. आमचा आजा दिवसभर ओट्यावर. "काय करी ऱ्हायनात बाबा?" "काही नही भो, दखी ऱ्हायनू." म्हणजे नुसता बघतोय. झालं, ऑब्झर्व्हेशनल!

बोरीकाठ: 'देखी ऱ्हायनू'. शिरपूरला माझं आजोळ आहे, 'दखी' कधी ऐकलं नाही.

धुळेकर: थांबा, दुसरीच पंचाईत झालीय. खाली 'एका समाजाचं रोजचं जगणं' असं लिहिलं होतं. प्रेसवाल्याने चष्म्यावरून बघत विचारलं, "कोणत्या समाजाचं?" इथं समाज म्हणजे जात, मंगल कार्यालयाच्या पाटीवर असतो तो. मग कम्युनिटीला काय लिहू? वस्ती?

बोरीकाठ: वस्ती म्हटलं की झोपडपट्टी वाटते. 'शेजार' लिहा.

भुसावळची सून: आमच्या रेल्वे क्वार्टरमधला शेजार दर तीन वर्षांनी बदलून जायचा. 'गल्ली' लिहा, धुळ्यात तर गल्ल्यांना नंबर आहेत.

अनुस्वार: गल्ली हिंदीतून आलेली. 'आळी' आपला.

शेवभाजी: आणि 'गल्लीबोळ' म्हणताना जीभ अडते का? आळी पुण्याकडे ठेवा.

बोरीकाठ: ते असो. पिक्चर बघायला कुठे मिळेल?

धुळेकर: आधी भाजीवालीला दाखवला. मोजण्याचा तुकडा तिने तीनदा लावायला सांगितला. त्या दिवशी दहाच्या दोन नोटा चिकटल्या होत्या म्हणे, दहा रुपये कमी धरले.

अनुस्वार: म्हणजे माहितीपटच झाला की.

शेवभाजी: आणि 'दखी'च. शिरपूरचं सांगू नका.