हेरगिरीच्या आरोपाखाली परदेशात अटक : खरे-खोटे कसे पारखावे, आणि वकिलातीची भेट एवढी मोलाची का?

जिज्ञासू :

१ डिसेंबर २०१८ रोजी कॅनडाने अमेरिकेच्या विनंतीवरून चीनच्या ह्वावे या दूरसंचार कंपनीच्या वित्तप्रमुख मेंग वानझोऊ यांना व्हँकुव्हर विमानतळावर ताब्यात घेतले, आणि १० डिसेंबरला मायकेल कोव्हरिग व मायकेल स्पेव्हर हे दोन कॅनेडियन नागरिक चीनमध्ये पकडले गेले. पुढे दोघांवरही हेरगिरीचे आरोप ठेवण्यात आले. सप्टेंबर २०२१ मध्ये मेंग मायदेशी परतण्यास मोकळ्या झाल्या, आणि त्याच दिवशी हे दोघेही घरच्या वाटेला लागले. दोन्ही प्रकरणांचा एकमेकांशी संबंध असल्याचे चीनने नाकारले. कॅनडाने मात्र ही अटक मनमानी असल्याचे सातत्याने सांगितले.

अशी प्रकरणे वाचताना मी दर वेळी एकाच जागी अडखळतो. पुरावा गोपनीय आहे असे एक सरकार सांगते, आमचा माणूस निर्दोष आहे असे दुसरे सांगते, आणि दोघांचेही म्हणणे तपासून पाहण्याचे साधन आपल्या हाती नसते. मग वाचकाने मत बनवावे ते कशाच्या आधारावर? दुसरा प्रश्न याला जोडूनच आहे. अटकेतील माणसाला त्याच्या देशाच्या वकिलातीतील अधिकाऱ्यांनी भेटणे, ज्याला बातम्यांत कॉन्सुलर ॲक्सेस म्हटले जाते, यासाठी सरकारे वर्षानुवर्षे झगडतात. त्या भेटीने शिक्षा रद्द होत नाही. मग तिला एवढे मोल का?

साक्षेपी :

दुसरा प्रश्न आधी घेतो, कारण पहिल्याचे निम्मे उत्तर त्यातच आहे.

वाणिज्य दूतावासांसंबंधीच्या १९६३ च्या व्हिएन्ना कराराचे ३६ वे कलम असे सांगते की परदेशी नागरिकाला अटक केल्यावर त्याला त्याच्या या हक्काची माहिती विनाविलंब दिली पाहिजे, त्याची इच्छा असल्यास त्याच्या देशाच्या वकिलातीला कळवले पाहिजे, आणि तेथील अधिकाऱ्यांना त्याला भेटण्याची, त्याच्याशी पत्रव्यवहार करण्याची व त्याच्यासाठी वकील उभा करण्याची मोकळीक दिली पाहिजे. हेरगिरीचा आरोप असला तर हे कलम लागू होते की नाही, हा वाद कुलभूषण जाधव यांच्या प्रकरणात थेट हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयापुढे गेला. पाकिस्तानने त्यांना मार्च २०१६ मध्ये अटक केल्याचे सांगितले आणि एप्रिल २०१७ मध्ये तेथील लष्करी न्यायालयाने फाशी सुनावली. जाधव यांना इराणमधून पळवून नेले, असे भारताचे म्हणणे होते. कोणाचे खरे, यात न्यायालय शिरलेच नाही. त्याने एवढेच पाहिले की कराराचे पालन झाले का. १७ जुलै २०१९ च्या निकालात पंधरा विरुद्ध एक अशा मताने पाकिस्तानने कराराचा भंग केल्याचे ठरले. हेरगिरीचा आरोप हा ३६ व्या कलमाला अपवाद नाही, आणि २००८ चा भारत-पाकिस्तान यांच्यातील द्विपक्षीय करारही तो हक्क हिरावून घेऊ शकत नाही, हे त्यात स्पष्ट झाले. अटकेनंतर भारताला कळवण्यास लागलेले सुमारे तीन आठवडेसुद्धा न्यायालयाने विलंब मानले. सुटकेची मागणी मात्र फेटाळली गेली आणि शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करावा, असा आदेश झाला.

आपल्याला हे अपुरे वाटेल, आणि फेरविचार त्याच देशाच्या हाती राहतो हे पाहता ते अपुरे आहेच. पण भेट नेमकी कोणत्या काळात हवी असते, याचा विचार करावा. पहिल्या काही आठवड्यांत माणूस एकटा असतो, आपल्याला कोठे ठेवले आहे हेही त्याला सांगितलेले नसते, आणि कबुलीजबाब बहुधा त्याच दिवसांत घेतला जातो. त्या काळात बाहेरचा एक अधिकारी समोर येऊन बसला, की तो त्याची प्रकृती डोळ्यांनी पाहतो आणि वकील मिळाला का, हे विचारून नोंद करतो. तपास करणाऱ्यांनाही ठाऊक होते की आता कोणीतरी हिशेब ठेवत आहे. म्हणूनच ही भेट लांबवली जाते, आणि म्हणूनच तिच्यासाठी भांडावे लागते.

तटस्थ :

पहिल्या प्रश्नाविषयी. आपल्या नागरिकाला निर्दोष म्हणणाऱ्या सरकारच्या शब्दालाही मी पुरावा मानत नाही. देश हेर पाठवतातच, आणि पकडला गेलेला हेर आमचा आहे असे कोणी सांगत नाही. त्यामुळे माणूस दोषी की निर्दोष, या प्रश्नावर बाहेरून हटून बसण्यात अर्थ नाही. खटला कसा चालला, हे मात्र बाहेरूनही बऱ्यापैकी दिसते.

एक जुने उदाहरण मला फार बोलके वाटते. नोव्हेंबर २००१ मध्ये ग्रीसमध्ये काही ब्रिटिश आणि डच विमानशौकिनांना हेरगिरीच्या संशयावरून पकडले गेले. लष्करी तळांवरील विमानांचे क्रमांक टिपून ठेवणे हा त्यांचा छंद होता. एप्रिल २००२ मध्ये ते दोषी ठरले, आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये अपिलात निर्दोष सुटले. चूक झाली, पण वरच्या न्यायालयात ती दुरुस्त होऊ शकली. याउलट मॅथ्यू हेजेस या ब्रिटिश संशोधक विद्यार्थ्याला संयुक्त अरब अमिरातीत २१ नोव्हेंबर २०१८ रोजी जन्मठेप झाली आणि पाचच दिवसांनी माफी मिळाली. माफी देतानाही तो हेर असल्याचा दावा कायम ठेवला गेला. रशियात अमेरिकी पत्रकार इव्हान गेर्शकोविच यांना बंद दाराआडच्या खटल्यानंतर जुलै २०२४ मध्ये सोळा वर्षांची शिक्षा झाली आणि दोन आठवडे उलटण्याआधी, १ ऑगस्टला, तुर्कस्तानातील अंकारामध्ये कैद्यांच्या अदलाबदलीत ते सुटले. निकाल लागल्याशिवाय अदलाबदलीचा विचार होणार नाही, असे रशियन अधिकाऱ्यांनी आधीच सांगितले होते. ज्या न्यायालयाचा निकाल वाटाघाटीतील एक टप्पा म्हणून वापरला जातो, त्या निकालावरून आरोपाविषयी काहीच शिकता येत नाही. तो माणूस निर्दोष होता हे एवढ्याने सिद्ध होत नाही, हेही मान्य करतो.

कायद्यातील व्याख्या किती सैल आहे, तेही पाहावे. १ जुलै २०२३ पासून लागू झालेल्या चीनच्या सुधारित हेरगिरीविरोधी कायद्यात राष्ट्रीय सुरक्षा व हितसंबंधांशी निगडित कागदपत्रे आणि माहिती यांचाही समावेश झाला. बाजारपेठेचा अभ्यास करणाऱ्या सल्लागाराचे रोजचे कामही त्यात ओढता येईल.

जिज्ञासू :

दोघांचेही आभार. मग कुटुंबीयांनी काय करावे? गप्प राहावे, असा सल्ला त्यांना बहुधा सरकारकडूनच मिळतो.

दूरस्थ :

या बाबतीत एकच नियम चालत नाही. कतारमध्ये ऑगस्ट २०२२ मध्ये भारतीय नौदलाचे आठ माजी कर्मचारी पकडले गेले. त्यांच्यावरील आरोप अधिकृतपणे कधी जाहीरच झाले नाहीत. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्यांना फाशी सुनावली गेली, डिसेंबरमध्ये अपील न्यायालयाने ती कमी केली, आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये त्यांची सुटका झाल्याचे भारताने जाहीर केले. तेथे दोन्ही सरकारांचे संबंध चांगले होते आणि शांतपणे बोलण्यास जागा होती.

ब्रिटिश-इराणी नागरिक नाझनीन झगारी-रॅटक्लिफ एप्रिल २०१६ मध्ये इराणमध्ये अडकल्या, तेव्हा तशी जागा नव्हती. त्यांच्या पतीने लंडनमध्ये उघड मोहीम चालवली आणि २०२१ मध्ये परराष्ट्र कार्यालयाबाहेर एकवीस दिवस उपोषण केले. मार्च २०२२ मध्ये त्या सुटल्या, तेव्हा रणगाड्यांच्या जुन्या व्यवहारातील इराणचे सुमारे ३९ कोटी ४० लाख पौंडांचे देणे ब्रिटनने चुकते केले होते. ते देणे १९७० च्या दशकातील होते. त्या बाईंचा त्याच्याशी कसलाही संबंध नव्हता. मोहीम नसती तर सरकारने ते चुकते करण्याची घाई केली असती, असे मला वाटत नाही. मात्र याच प्रकरणात तत्कालीन परराष्ट्रमंत्री बोरिस जॉन्सन यांनी २०१७ मध्ये त्या पत्रकारिता शिकवत असल्याचे चुकीचे विधान केले आणि इराणने ते नाझनीन यांच्याविरुद्ध वापरले. म्हणून बोलावे, पण अटकेतील माणूस तेथे काय करत होता याविषयी एक वाक्यही वकिलाला दाखवल्याशिवाय बाहेर जाऊ देऊ नये.

आणखी एक गोष्ट, जी अनेकांना अटकेनंतरच कळते. झगारी-रॅटक्लिफ यांच्याकडे दोन्ही देशांचे नागरिकत्व होते आणि इराण दुहेरी नागरिकत्व मानत नाही. अशा माणसाच्या बाबतीत ३६ व्या कलमाचा आधार घेऊ गेल्यास, हा आमचाच नागरिक आहे, तुमचा काय संबंध, असे उत्तर मिळते.