संमतीने घटस्फोट : दोघं तयार असताना सहा महिने कशाला?

सायली_क :
मावसबहिणीचं लग्न नऊ वर्षांचं, त्यातली शेवटची तीन वर्षं दोघं दोन घरांत. आता भांडणंही होत नाहीत, यावरून ओळखा. फ्रिज त्याचा, वॉशिंग मशीन हिचं, अशी यादी दोघांनी एकत्र बसून केली. तरी हिंदू विवाह कायद्याचं कलम १३ब म्हणतं, अर्ज केल्यावर सहा महिने थांबा! १९७६ ची तरतूद अजून किती दिवस पाळायची?

काळाकोट :
थांबावंच लागेल असं नाही. हे सहा महिने बंधनकारक नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१७ मध्येच सांगितलंय. वेगळं राहून दीड वर्ष झालेलं हवं, समेटाचे प्रयत्न फसलेले हवेत, पोटगी आणि मुलांचा ताबा खरोखर मिटलेला हवा. वकिलाला सवलतीचा अर्ज करायला सांगा.

अनघा :
मला त्याच सहा महिन्यांनी वाचवलं. 'मुलगा हवा तर दागिने विसर' म्हणाले, मी मुकाट सही केली. कागदावर तीही 'संमती'च. चौथ्या महिन्यात माहेरी थोडं डोकं शांत झालं, वकील बदलली आणि संमती मागे घेतली. हुकूमनामा, म्हणजे घटस्फोटाचा अंतिम आदेश, होईपर्यंत ती मागे घेता येते. पुढे घटस्फोट झालाच, पण दागिने परत घेऊन.

एकटा_जीव :
आणि समोरचा संमतीच देत नसेल तर? माझी अकरा वर्षं तारखांत गेली. लग्न पार मोडलंय, हे कारण आपल्या कायद्यात नाहीच. विधी आयोगानं १९७८ आणि २००९ मध्ये सुचवलं, २०१३ मध्ये विधेयक राज्यसभेत मंजूरही झालं, मग बारगळलं. २०२३ च्या घटनापीठाच्या निकालानं राज्यघटनेच्या कलम १४२ खाली (पूर्ण न्यायासाठीचा खास अधिकार) वाट आहे, पण ती फक्त सर्वोच्च न्यायालयात, आणि हक्क म्हणून नाही. सामान्य माणसानं दिल्ली गाठायची का?

अनघा :
तुमचा त्रास कळतो. पण घर नवऱ्याच्या नावावर आणि बाईला कमाई नाही, तिथे 'संमती देत नाही' हेच तिच्या हातातलं एकमेव नाणं असतं. आधी तिच्या पैशांची सोय लावा, मग कारण वाढवा.

एकटा_जीव :
माझी बायको माझ्यापेक्षा जास्त कमावते हो.

सायली_क :
अनघाताई, तुमचं वाचून बहिणीला फोन केला. यादीत मिक्सरची दोन भांडीसुद्धा आहेत. दोघांच्या नावावरच्या गृहकर्जाचा उल्लेख कुठेच नाही. सवलतीचा अर्ज आठवडाभर थांबवलाय.