मुलीला ज्युदोत पुढं जायचंय. आंतरराष्ट्रीय करिअर म्हणजे नेमकं काय असतं?

नाशिकचा_बाबा
मंडळी, लेक पंधरा वर्षांची, नववीत. शालेय स्पर्धांत राज्यापर्यंत जाऊन आली. आता डोक्यात ऑलिम्पिक शिरलंय. क्लासचे सर म्हणतात दोन किलो उतरवा, ४८ मध्ये खेळवू, तिथं मेडल सोपं. तिचं वजन ५०च्या आसपास. आम्हा घरच्यांना ज्युदोतलं एवढंच कळतं की तो जाड गी, म्हणजे खेळायचा अंगरखा, पावसाळ्यात दोन-दोन दिवस वाळत नाही. क्रिकेट-बॅडमिंटनवाल्यांचं पुढं काय होतं ते दिसतं तरी. ह्यात माणूस खेळून खेळून पोचतो कुठं? आणि पैशाचं काय? आतलं माहीत असलेलं कोणी सांगेल का?

वऱ्हाडी_ठेचा
दादा, ऑलिम्पिकचं नंतर बघू. आधी सगळी प्रमाणपत्रं फाइलला लावून ठेवा. सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. माझा आतेभाऊ कुस्तीतून तसाच चिकटला.

जुनी_मॅट
बाबा, मी राष्ट्रीय पातळीपर्यंत खेळले, आता मुलींना शिकवते. ठेचाभाऊंचा सल्ला खोटा नाही, पण तुम्ही विचारलंय वेगळं.

सुशीलादेवी लिकमाबामची कारकीर्द डोळ्यांसमोर ठेवा. इंफाळची, वजनगट ४८. २०१४ला ग्लासगोच्या राष्ट्रकुलमध्ये रौप्य मिळालं. आपल्याला वाटतं, झालं, आता गाडी सुटली. २०१८ला मांडीमागचा स्नायू दुखावला आणि आशियाई स्पर्धा हुकली. पुढं टोकियोसाठी गुण गोळा करायचे तर परदेशी स्पर्धा खेळणं आलं, आणि त्या खर्चासाठी तिनं स्वतःची गाडी विकली. २०२१च्या एप्रिलमध्ये बिश्केकला पात्रता स्पर्धा होती. भारतीय चमूतले दोघं कोरोनाबाधित निघाले आणि अख्ख्या संघाला माघार घ्यावी लागली. मॅटवर पाय न ठेवता परत! शेवटी आशियाच्या कोट्यातून टोकियो मिळालं. त्या ऑलिम्पिकला भारताकडून ज्युदोत ती एकटीच. पहिल्याच लढतीत समोर हंगेरीची एवा चेरनोविझ्की, लंडन २०१२ची कांस्यविजेती. तिथंच संपलं. पुढच्या वर्षी बर्मिंगहॅमला तिनं पुन्हा रौप्य आणलं, आणि ती फायनल गोल्डन स्कोअरपर्यंत, म्हणजे बरोबरीनंतरच्या जादा वेळेपर्यंत, गेली होती. आपल्याकडच्या पेपरात ह्यातलं 'पराभूत' एवढंच आलं असेल.

ह्या खेळाची गोम जागतिक क्रमवारीच्या गुणांत आहे. कॉन्टिनेंटल ओपन जिंकलं तर १०० गुण, ग्रां प्री ७००, ग्रँड स्लॅम १०००, जागतिक स्पर्धा २०००. आपल्या राष्ट्रीय स्पर्धेचे त्या यादीत शून्य. पॅरिससाठी प्रत्येक वजनात पहिल्या १७ जणी थेट गेल्या, तेही एका देशाची एकच. मग खंडाचा कोटा. म्हणजे दोन वर्षं विमानं, व्हिसे, हॉटेलं. एखाद्या स्पर्धेत पहिल्या फेरीत हरलात तर चार मिनिटांच्या आत काम तमाम आणि तिकिटाचे पैसे गेले. खालच्या क्रमांकावरून ऑलिम्पिकला गेलं की समोर कोण येईल ह्याचा भरवसा नाही. पॅरिसला आपल्या तुलिका मानसमोर क्युबाची इडालिस ऑर्टिझ आली, चार ऑलिम्पिक पदकं गळ्यात असलेली. २८ सेकंदांत इप्पोन, म्हणजे पूर्ण गुण आणि लढत तिथंच संपली. लोक हसले. हसणाऱ्यांनी एकदा कोणाला तरी नुसती कॉलर धरू द्यावी, मग बोलू.

पुणेरी_सायकलवाला
मग फ्रान्सचा टेडी रिनेर? २०१० ते २०२० सलग १५४ लढती जिंकला. जिद्द असेल तर होतं की!

जुनी_मॅट
होतं ना. त्याला दर वर्षी ग्रँड स्लॅम पॅरिसमध्ये, घरच्या मैदानावर. आणि रोज रांदोरीला, म्हणजे सरावाच्या लढतींना, त्याच्या वजनाचे तगडे गडी. आपल्या जिल्ह्याच्या क्लासात ५२ किलोच्या किती मुली असतात? बऱ्याचदा एक, नाहीतर तीही नाही. मग ती मुलांशी नाहीतर लहानांशी खेळते, आणि परदेशी मुलीनं पहिल्यांदा कडक बाही धरली की हाताची बोटं सुटतात. जिद्द सगळ्यांकडे असते हो, जोडीदार नसतात.

बाबा, आता वजनाचं. माझ्या मते उतरवू नका. वाढीचं वय आहे, पाळी सुरू होऊन फार दिवस झाले नसतील. वजन आदल्या संध्याकाळी होतं म्हणून पोरी दिवसभर थुंकत बसतात, रेनकोट घालून धावतात, रात्री जेवणावर तुटून पडतात. त्यावर उपाय म्हणून मोठ्या स्पर्धांत सकाळी काही जणींना पुन्हा काट्यावर उभं करतात आणि गटापेक्षा ५ टक्क्यांहून जास्त भरलं तर बाहेर. ४८ला ५०.४, त्याच्या वर नाही. लिंथोई चनंबम हेच उदाहरण घ्या. २०२२ला सारायेव्होत कॅडेट, म्हणजे अठराखालच्या गटात विश्वविजेती झाली ती ५७ किलोत. कुठल्याही वयोगटात जागतिक पदक मिळवणारी पहिली भारतीय. २०२५ला लिमाला ज्युनियरचं कांस्य घेतलं ते ६३मध्ये. पोर वाढली तसा गट वाढवला. तुमच्या लेकीला ५२त खेळू द्या, दोन वर्षं मार खाऊ द्या.

नाशिकचा_बाबा
ताई, एवढं सविस्तर कोणी सांगितलं नव्हतं. सरांशी बोलतो, पण ते ऐकतील असं वाटत नाही. त्यांना ह्या वर्षीचं जिल्ह्याचं मेडल दिसतंय.

जुनी_मॅट
बोलताना लेकीला सोबत न्या, तिच्या तोंडून जाऊ दे. आणि आठवडाभर तिची पाठ, बोटं बघा. बोटांच्या सांध्यांवर टेप असेल तर चालतं, तो खेळच बोटांचा आहे. पण सांधा सकाळी वळत नसेल तर डॉक्टरकडे न्या, बाम चोळत बसू नका.

नाशिकचा_बाबा
बरं. आणि गी? दुकानदार आंतरराष्ट्रीय शिक्क्याचा महागडा गळ्यात मारतोय.

जुनी_मॅट
तो आत्ता अजिबात नको. तिथं बाहीची लांबी-रुंदी पट्टीनं मोजतात, आणि वर्षभरात तिचे हात लांब झाले की तोच गी नापास. साधे दोन घ्या, एक वाळेपर्यंत दुसरा. पंख्याखाली उलटा करून टाका, कॉलर वर ठेवून. सगळ्यात उशिरा तीच वाळते.