माहितीपटांचं संकलन शिकायचंय. पुण्याला प्रवेश घेऊ की मुंबईत असिस्टंट म्हणून लागू?

नमस्कार मंडळी,

मी मालवणचा, वय २६. बी. कॉम. झाल्यापासून कुडाळच्या एका स्टुडिओत लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो. हात बसलाय, पण तिथे आधी गाणं टाकायचं आणि ठेक्यावर शॉट तोडायचे, एवढंच काम.

गेल्या वर्षी मुंबईच्या एक दिग्दर्शिका रापणीवर, म्हणजे किनाऱ्यावरून जाळं ओढून करायच्या मासेमारीवर, माहितीपट करायला आल्या. त्यांना मालवणी येत नाही, म्हणून मुलाखती उतरवून काढायचं काम मला दिलं. फुटेज ४६ तासांचं, फिल्म व्हायची ५२ मिनिटांची. प्रत्येक वाक्य टाइमकोडसकट (फुटेजमधल्या नेमक्या वेळेसकट) लिहायचं आणि शेजारी प्रमाण मराठीत अर्थ. दोन महिने रोज रात्री तेच करत होतो.

त्यात एक वयस्कर रापणकर आहेत. ‘आता मासळी खंय रवली...’ म्हणतात आणि गप्प होतात. अंगठ्याने दोराचा पीळ चाचपत राहतात. रफ कटमध्ये, म्हणजे पहिल्या कच्च्या जोडणीत, शॉट तिथेच तोडला होता. मला ते खटकलं, कारण त्यांचा सूर खाली आला नव्हता, बोलणं संपलंच नव्हतं. नऊ सेकंदांनी ते म्हणतात, ‘माझो झील पर्ससीनवर जाता.’ ज्या पर्ससीनमुळे (मोठं जाळं टाकणाऱ्या यांत्रिक बोटींमुळे) किनाऱ्याला मासळी येत नाही म्हणून रापणकर भांडतायत, त्याच बोटीवर यांचा मुलगा! मी दिग्दर्शिकांना फोन केला. संकलकांनी ती नऊ सेकंदं अख्खी ठेवली आणि पुढचे दोन सीन त्याभोवती नव्याने लावले. ते बघितल्यापासून मला हेच काम करायचंय, याबद्दल मनात शंका नाही.

अडचण पैशांची आहे. मे २०२१ च्या तौक्ते वादळात आमची होडी गेली, नवीन होडीचं कर्ज अजून फिटतंय. पुण्याच्या एफटीआयआयचा (फिल्म इन्स्टिट्यूटचा) संकलनाचा कोर्स ३ वर्षांचा, तोवर घरी काय पाठवू? काका म्हणतात फिल्म्स डिव्हिजनमध्ये, म्हणजे सरकारी माहितीपट काढणाऱ्या संस्थेत, नोकरी बघ, पण ती २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली. या फिल्मचे संकलक मला असिस्टंट म्हणून घ्यायला तयार आहेत, पैसे मात्र काम असेल तेव्हाच.

जे माहितीपट एडिट करतात त्यांना विचारतो. नुसत्या माहितीपटांवर मुंबईत खोलीचं भाडं निघतं, की जोडीला कंपन्यांच्या फिल्म्स आणि जाहिराती कराव्याच लागतात? असिस्टंटला सिंक (आवाज-चित्र जुळवणं), लॉगिंग (फुटेजची नोंद), प्रॉक्सी (फुटेजच्या हलक्या प्रती) यांच्या पुढे सीन कापायला साधारण कधी मिळतो? माझ्या मशीनवर रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती आहे. हार्ड डिस्क मागवून मालवणात बसून असं काम करणारं कोणी आहे का?

आणि सगळ्यात महत्त्वाचं, ४६ तासांतून गोष्ट कशी लावायची हे कोर्समध्ये शिकवतात, की दुसऱ्याच्या शेजारी बसूनच कळतं?

संकलकांना गणपतीनंतर उत्तर द्यायचंय. तोपर्यंत कोणी सविस्तर लिहिलंत तर फार मदत होईल.